आधी कोण निघणार?

बंगळुरू
४ फेब्रुवारी २०२४

ती. बाबांस,
मैत्रेयीचा सविनय जयभीम. वि. वि.

यशोताईने काल फोनवर नोटिशीचं सांगितलं. तुम्ही कळवलं नाहीत. जानेवारीतल्या पत्रात भगवानशेठच्या दाढेचं दुखणं तुम्ही दोन पानं लिहिलंत, नरेंद्र भावजींनी आणलेली वांगी किडकी निघाली तेही लिहिलंत. आणि पालिकेने आपली चंद्रलोक इमारत धोकादायक ठरवून जिन्यात कागद डकवलाय, एवढंच नेमकं राहून गेलं. अशी कशी हो तुमची बातमीदारी?

कारखान्यात आयुष्यभर प्रेस मशीनपाशी उभं राहून तुमचे कान गेले, आणि कानाचं यंत्र घेऊन दिलं तर ते तुम्ही कपाटात ठेवता. त्यामुळे मला ओरडायचं तेही कागदावरच. तर ओरडते. बाबा, चंद्रलोक सोडा. आपल्याकडे स्लॅब कसे पडतात हे मी तुम्हाला काय सांगायचं? पडतो तेव्हा एका मजल्याचा पडत नाही, खालच्याला घेऊन जातो. ताईच्या हेंद्रेपाड्याच्या घरात तुमच्यासाठी खोली आहे. तुमची खाट कुठे बसेल ते भावजींनी मोजून ठेवलंय.

इथे माझं शिकवणं आणि संशोधन नेहमीसारखं चाललंय. इडलीने वजन वाढलंय. कधी निघताय ते कळवा, दुसरं काही कळवू नका. माझ्यावर लोभ आहेच. थोडा स्वतःच्या जिवावरही करा.

तुमची,
मैतू

*

उल्हासनगर कॅम्प २
१२ फेब्रुवारी २०२४

चि. मैत्रेयीस,
अनेक आशीर्वाद व जयभीम.

तुझं ओरडणं पोचलं. नोटीस लागली हे खरं. ती वाचायला सगळे जिन्यात जमले होते. चौथ्या मजल्यावरचा राजरत्न म्हणाला की तुमचा तिसरा मजला काय करतो ते बघून ठरवू. आपल्या घराच्या अगदी खालच्या घरात राहणारी माया, जी घरी जीन्सच्या पट्ट्याचे लूप शिवते, ती म्हणाली की काका निघाले की मी पण मशीन डोक्यावर घेऊन निघते, अंबरनाथला भावाकडे जागा आहे. भगवान तर त्याच्या सिंधी थाटात म्हणाला की वडी साईं, तू पिशवी उचल, मी तुझ्यामागे चप्पल घालून उभाच आहे. मग सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी आपला नोटीस वाचत राहिलो. ऐकू येत नाही ते अशा वेळी बरं पडतं.

खरं सांगायचं तर मला निघवत नाही. या इमारतीत पहिलं बिऱ्हाड आपलं लागलं. तुझ्या आईने जिन्याला रंग लागायच्या आधी इथे चूल मांडली. खाली भगवानचं पापडाचं दुकान. रोज संध्याकाळी तो माझ्याशी भांडायला वर येतो. त्याचा एकट्याचा आवाज मला ऐकू येतो, कारण तो कॅम्प एकमध्येही ऐकू जात असणार. हेंद्रेपाड्यात माझ्याशी कोण भांडेल? यशो सगळ्याला हो म्हणते.

दुसरं असं की राजरत्नने परवा विचारलं, मैत्रेयी नेमकं काय करते. मी म्हणालो गणित. तो म्हणाला गणितात काय. मी म्हणालो लाटा. तर म्हणाला की बंगळुरूला समुद्र कुठाय, काका? इतकी वर्षं लोकांना अभिमानाने सांगतो आणि आतलं काही ठाऊक नाही. मला समजेल असं एकदा लिही.

इडली कमी खा. जीव लावून आहेस, तो पत्रापत्राने असाच पोचवत राहा.

तुझा,
बाबा

*

बंगळुरू
२१ फेब्रुवारी २०२४

ती. बाबांस,
सविनय जयभीम. वि. वि.

राजरत्नचं बरोबर आहे, इथे समुद्र नाही. पण माझ्या लाटांना पाणी लागत नाही. आपल्या स्टेशनबाहेर रिक्षांची रांग असते. पहिली रिक्षा प्रवासी घेऊन निघाली की दुसरी सरकते, मग तिसरी, मग चौथी. रिक्षा पुढे जातात, पण ते सरकणं मागे मागे जात शेवटच्या रिक्षापर्यंत पोचतं. ती लाट. रिक्षावाल्याला लाट दिसत नाही. तो पुढच्याचं चाक बघतो आणि क्लच सोडतो.

अशा प्रत्येकाला आम्ही कण म्हणतो. शेजारचा काय करतो ते बघून कण काय करेल, याचा एक छोटा नियम धरायचा. मग असे लाखो कण एकत्र आले की त्यांच्यातून लाट उठेल का, किती वेगाने जाईल, कुठे अडेल, हे समीकरणातून काढायचं. वाहनांची कोंडी असो, गर्दी असो, अफवा असो, खाली गणित जवळपास एकच असतं. मी इतकी वर्षं हेच करतेय.

काही कण अडेल असतात. शेजारी काहीही करोत, ते जागचे हलत नाहीत. आमच्यात त्यांना हट्टीच म्हणतात, मी तुम्हाला नावं ठेवत नाहीये. हट्टी कणाच्या आजूबाजूचे निघायला उठतात, त्याच्याकडे बघतात आणि पुन्हा बसतात. लाट तिथे येते आणि विरून जाते.

बाबा, नोटिशीपुढे जमलेल्या माणसांचं तुम्ही लिहिलंत, ते मी पुन्हा काढून वाचलं. राजरत्न तिसऱ्या मजल्याकडे बघतो, मायाताई काकांकडे बघते, भगवानशेठ साईंकडे बघतो. आणि साईं नोटीस वाचतात. तुम्ही निघालात तर चंद्रलोक निघेल, हे मी लेक म्हणून सांगत नाहीये. म्हणून जाताना एवढं करा. सगळ्यांना दिसेल असे निघा. भर दिवसा, ट्रंक टेम्पोत चढवून, भगवानशेठशी कडकडून भांडून, घर रिकामं करून. गुपचूप निघालात तर तुम्ही एकटेच बाहेर पडाल.

राजरत्नला हे पत्र वाचायला द्या. माझा हट्ट तुमच्याकडूनच आलाय, तेव्हा तो गोड मानून घ्या.

तुमची,
मैतू

*

हेंद्रेपाडा, बदलापूर (प.)
१० मार्च २०२४

प्रिय मैतूस,
सप्रेम जयभीम.

बाबा आले! फोनवर तुला सांगितलंच, पण फोनवर तू नुसती रडलीस, म्हणून सगळं नीट लिहिते.

तू म्हणाली होतीस टेम्पो, ट्रंक, भर दिवसा. कसलं काय! मी आणि नरेंद्र टेम्पो ठरवायला नाक्यावर गेलो आणि परत येतो तर बाबा एक कापडी पिशवी घेऊन खाली उभे. त्यात दोन सदरे, निळा फेटा, चष्मा, तुझी पत्रं आणि आईचा फोटो. भगवानशेठला सांगून मोकळे झाले की लेकीकडे चार दिवस जाऊन येतो. मायालाही तेच सांगितलं. मी म्हटलं की बाबा, त्यांना खरं सांगा ना. तर ऐकू आलं नाही! टेम्पोवाल्याला परत पाठवलं. रिक्षात बसल्यावर म्हणाले की सगळ्यांच्या डोळ्यांदेखत ट्रंक उतरवायची म्हणजे त्यांना बुडत्या होडीत ठेवून मी पळालो असं झालं असतं, यशो, मला नाही ते जमायचं.

गॅलरीतला दिवा तसाच ठेवलाय. भिंतीत बुद्धाची फरशी बसवलेली आहे ना, तिच्यावरचा निळा बल्ब. आईने राहायला आल्याच्या संध्याकाळी लावला, तेव्हापासून तो कधी मालवला नाही. बल्ब गेला तर बाबा आधी बल्ब आणायचे आणि मग जेवायचे. मी बटणाकडे हात नेला तर त्यांनी माझं मनगट धरलं. म्हणाले की फरशी काही उचकटून नेता येत नाही, मग तथागतांना अंधारात कसं ठेवायचं? मी राहू दिला.

इथे त्यांना करमत नाही. नरेंद्र मुद्दाम भांडण उकरून काढतो, पण त्याला बिचाऱ्याला भांडता येत नाही. काल भाजीत मीठ नाही म्हणून आवाज चढवला, आणि भाजी त्यानेच केली होती. बाबा हसले मात्र.

तू कधी येतेस? तुझ्यावाचून या घरातला जीव अर्धा आहे, उरलेला अर्धा तुझी वाट बघतोय.

तुझी,
ताई

*

बंगळुरू
१८ मार्च २०२४

प्रिय ताईस,
सप्रेम जयभीम.

तुझं पत्र आलं आणि पुन्हा रडले, तेव्हा पत्राचाही काही उपयोग झाला नाही. बाबा बाहेर पडले. मला आता शांत झोप लागते.

दिव्याचं वाचलं आणि आई डोळ्यांपुढे उभी राहिली. पदराने बुद्धाची फरशी पुसायची आणि मग गॅलरीतून खाली वाकून, आपण दोघी मैदानातून परत आलो का ते बघायची. राहू दे तो. एका बल्बने काय बिघडतंय? बाबांना तेवढाच आधार.

विद्यार्थ्यांच्या परीक्षा मेच्या सुरुवातीला संपतील, मग येते. भावजींना सांग की भांडण राजकारणावरून सुरू करायचं, मिठावरून नाही. घरातल्या सगळ्यांना माझा जीव लागलेला कळू दे.

तुझी,
मैतू

*

हेंद्रेपाडा, बदलापूर (प.)
१५ एप्रिल २०२४

प्रिय मैतूस,
जयभीम.

त्या दिवशी फोनवर एवढंच सांगू शकले की आपल्या स्वयंपाकघराचा स्लॅब खाली गेला आणि बाबा माझ्याकडे होते म्हणून वाचले. पुढचं आज लिहिते.

दुपारची वेळ होती. माया मशीनवर बसली होती. आपल्या स्वयंपाकघराची जमीन तिच्या खोलीत आली, ओट्यासकट. तिची मुलगी कॉलेजात होती. मायाला काढायला अग्निशमनवाल्यांना संध्याकाळ झाली. जगली आहे. उजवा हात ओट्याच्या दगडाखाली होता. हात ठेवलाय डॉक्टरांनी, पण बोटं हलणार नाहीत म्हणतात. शिवणारी बाई गं ती.

आणि तासाभरात अख्खं चंद्रलोक रस्त्यावर आलं. राजरत्नने म्हाताऱ्या आईला पाठुंगळी घेतलं. बाकीचे अंगावरच्या कपड्यांनिशी. नोटिशीने हललं नव्हतं कोणी. तुझी ती लाट आली, मैतू, पण कशी आली बघ.

मला तोपर्यंत वाटत होतं की लोक आपापल्या कारणांनी थांबलेत. इस्पितळात भगवानशेठ भेटले. बाबांचा हात धरून ढसाढसा रडले आणि त्यांच्या कानाशी म्हणाले की साईं, तुझा दिवा दिसायचा म्हणून आम्ही बसून राहिलो. आज येशील, उद्या येशील. माया पण खाली पाणी भरताना वर बघायची आणि म्हणायची की काकांचा दिवा आहे, म्हणजे तसं काही नाही. भगवानशेठच्या मनात दोष द्यायचं काही नव्हतं गं. प्रेमाने बोलत होते. पण सगळ्या व्हरांड्याला ऐकू गेलं, आणि बाबांनाही.

काल जयंती झाली. दरवर्षी बाबा सकाळी आंघोळ करून निळा फेटा बांधून बसतात, मिरवणूक निघायला अवकाश असला तरी. काल फेटा पिशवीतून काढलाही नाही. गल्लीतली मुलं बोलवायला आली, तर त्यांना हात जोडून परत पाठवलं.

तुला पत्र लिहितायत. मला दाखवत नाहीत. मी काय करू ते सांग. हे असं पत्र पाठवतेय म्हणून माझ्यावर रुसू नकोस.

तुझी,
ताई

*

हेंद्रेपाडा
१५ एप्रिल २०२४

चि. मैत्रेयीस आशीर्वाद.

एकच विचारायचं आहे. तू लिहिलं होतंस की सगळ्यांना दिसेल असे निघा. मी तसा निघालो नाही. चार दिवस म्हणालो. दिवाही ठेवला.

आता नीट हिशोब करून सांग. मी दिवा मालवून, ट्रंक घेऊन उतरलो असतो, तर माया त्या दुपारी त्या खोलीत असती का?

तुझं कामच हे आहे म्हणून तुला विचारतो. यशोला विचारून फायदा नाही, ती मला बरं वाटेल तेच सांगेल. उत्तराची वाट बघतो.

बाबा

*

बंगळुरू
२३ एप्रिल २०२४

प्रिय ताईस,
जयभीम.

बाबांचं पत्र आलं. त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा मला माझ्या विषयातला प्रश्न विचारला, आणि तो हा.

मी हिशोब केला, ताई. चंद्रलोकचे मजले मांडले, प्रत्येक घर एक कण. कोण कोणाकडे बघतं ते बाबांच्याच पत्रातून घेतलं. मग संगणकावर ते पुन्हा पुन्हा चालवलं, दिवा ठेवून आणि दिवा मालवून. मालवला की इमारत बहुतेक वेळा रिकामी होते. कधीकधी होत नाही. आणि होते तेव्हाही एखादं घर मागे राहतं, दर वेळी वेगळंच. एकदा ते घर मायाताईचं राहिलं. मी वेड्यासारखी हसले, जणू बाबा सुटले. पुढच्या खेपेला ती निघून गेली होती.

मला लाट सांगता येते. एक बाई सांगता येत नाही. आमच्या सगळ्या शास्त्राला येत नाही. तेव्हा खरं उत्तर 'ठाऊक नाही' असं आहे. पण त्याच्याआधी 'बहुतेक नसती' हे शब्द लिहावे लागतील, आणि बाबांना तेवढे शब्द पुरतील. मग ते उठणार नाहीत.

शिवाय दिव्याचं तू मला लिहिलं होतंस. लाट कशाने अडते हे शिकवून मी पोट भरते, आणि ते वाचून मी तुला राहू दे म्हटलं. मला त्यात आई दिसली. इमारत दिसली नाही.

मी त्यांना लिहितेय की काही फरक पडला नसता. त्यांनी तुला विचारलं तर तूही तेच म्हण. माझ्याकडे दुसरं काही नाही गं. माझी लाज झाकून घे.

मैतू

*

बंगळुरू
२३ एप्रिल २०२४

ती. बाबांस,
सविनय जयभीम. वि. वि.

तुम्ही सांगितल्याप्रमाणे हिशोब केला. सगळी घरं धरली, सगळ्या शक्यता तपासल्या. उत्तर असं आहे की काही फरक पडला नसता. मुलीची परीक्षा होईपर्यंत मायाताई थांबणारच होती. लोक दिव्याचं बोलतात कारण झाल्यावर काहीतरी बोलावं लागतं. तुम्ही तसे निघाला असतात तरी ती दुपार तशीच आली असती.

तेव्हा हे मनातून काढा. जेवत जा. मी पुढच्या महिन्यात येतेच आहे. माझ्या शब्दावर तुमचा नेहमी भरवसा होता, तो या वेळीही ठेवा.

तुमची,
मैतू

*

हेंद्रेपाडा
२ मे २०२४

चि. मैत्रेयीस,
अनेक आशीर्वाद व जयभीम.

तुझं पत्र मिळालं. तू लिहितेस की माझ्या दिव्याने काही फरक पडला नसता. वाचून जरा बरं वाटलं. त्या दिवशी दोन घास जास्त खाल्ले, यशोला विचार.

मग तुझं ते रिक्षांच्या रांगेचं पत्र काढून वाचलं. त्यात तू लिहिलंयस की माणूस शेजारच्याकडे बघून हलतो, आणि तू इतकी वर्षं हेच करतेस. आता ही दोन्ही पत्रं एकदम खरी कशी असतील? माझ्याकडे बघून कोणी थांबलं नसेल, तर ते पहिलं पत्र खोटं, आणि तू घरदार सोडून तिकडे जे शिकलीस आणि शिकवतेस तेही खोटं. असं मी म्हणणार नाही. मला त्यातलं फारसं कळत नाही, पण तू काम चोख करतेस हे मला कळतं. म्हणून हे दुसरं पत्र मी बाजूला ठेवलं.

यशोला विचारलं. ती म्हणाली की मैतू म्हणते तेच खरं, आणि स्वयंपाकघरात निघून गेली. तिच्यावर रागावलो नाही. तुझ्यावरही नाही. बापासाठी लेक आपलं गणित खोटं पाडते, त्यावर कसं रागवायचं हे मला कोणी शिकवलेलं नाही.

काल भगवानला घेऊन अंबरनाथला गेलो. माया आता भावाकडे असते. तिला सांगितलं की मी चार दिवस म्हणालो ते खोटं होतं, मी कायमचा निघालो होतो, आणि दिवा मीच ठेवला होता. भगवान बाहेर ओट्यावर जाऊन बसला. मायाने डाव्या हाताने ताटलीतली मोसंबी माझ्याकडे सरकवली. तिला आता सोलता येत नाही. मी सोलली, फोडी सुट्या केल्या, बिया काढल्या. तिने थोड्या खाल्ल्या, उरलेल्या मुलीसाठी झाकून ठेवल्या. मला क्षमा केली की तिला नुसती भूक लागली होती, हे मला समजलं नाही. विचारायचा धीर झाला नाही.

परवा पुन्हा जाणार आहे. तू आलीस की तूही चल. हिशोब आणू नकोस.

लोभ आहे. तो कमी व्हावा असं तू काही केलेलं नाहीस.

तुझा,
बाबा